खर्जातला आवाज

फोन उचलून मी 'हॅलो' म्हटलं की समोरून हमखास 'हां सर, बोला' असं येतं. बँक, गॅस एजन्सी, कुरिअर, सगळीकडे हेच. पूर्वी मी दुरुस्त करायचे, आता काम सांगते आणि फोन ठेवते. आवाजाचं हे लहानपणापासून असंच आहे. पाचवीत असताना समूहगीत स्पर्धेसाठी मुली निवडल्या, त्यात मी होते. दोन दिवस सराव झाला आणि तिसऱ्या दिवशी बाई माझ्या कानाशी येऊन हळूच म्हणाल्या, "तू नुसते ओठ हलव हं." मी ओठ हलवले. स्पर्धेच्या दिवशीसुद्धा. पुढे कितीतरी वर्षं, चार लोकांत बोलायची वेळ आली की ते वाक्य पुन्हा कानाशी यायचं.

आजीचं मत निराळं होतं. ती म्हणायची, "खर्ज लावायला माणसं पहाटे उठून तंबोऱ्यापुढे बसतात. तुला तो जन्मतः मिळालाय." आजी गाणारी नव्हती. पण रेडिओ ऐकून ऐकून तिचा कान तयार झाला होता, आणि तिच्या या एका वाक्यावर मी बरीच वर्षं काढली.

हे सगळं सांगायचं कारण एक अमेरिकन बाई आहे, ऑक्वाफिना नावाची. आजी गेल्यानंतर सात-आठ महिन्यांनी, एका रात्री झोप येईना म्हणून मी लॅपटॉपवर 'द फेअरवेल' हा सिनेमा लावला. सुरुवातीलाच न्यूयॉर्कच्या फुटपाथवरून एक मुलगी खांदे पाडून चाललीय आणि चीनमधल्या आजीशी फोनवर बोलतेय. आजी विचारते, थंडी आहे, टोपी घातलीस ना? ती म्हणते, घातलीय. डोक्यावर टोपी नसते. आजी सांगते की मी बहिणीकडे आलेय. प्रत्यक्षात आजी दवाखान्यात बसलेली असते. दोघी एकमेकींना प्रेमाने, सराईतपणे थापा मारतात. आणि त्या मुलीचा आवाज खाली, छातीतून येणारा, कडांना किंचित फाटलेला. मी उठून बसले. हेडफोन काढून पुन्हा घातले. असा आवाज असलेली बाई सिनेमाच्या मधोमध असू शकते, हे मला कुणी सांगितलंच नव्हतं.

ही कुणीतरी रंगभूमीवरची गंभीर नटी असणार अशी माझी खात्री झाली होती. दुसऱ्या दिवशी नाव शोधलं तर निघाली रॅपर. तीही विनोदी रॅप करणारी, आणि तिचं पहिलं गाजलेलं गाणं मी घरात मोठ्या आवाजात लावू शकणार नाही असं.

तिचं खरं नाव नोरा लम. जन्म १९८८ चा. वाढली न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात, फॉरेस्ट हिल्सला. वडील चिनी-अमेरिकन, आई दक्षिण कोरियातून आलेली चित्रकार. वडिलांच्या आजोबांनी १९४० च्या दशकात क्वीन्समधल्याच फ्लशिंगला चिनी खाणावळ काढली होती, 'लम्स' नावाची. तेव्हा त्या भागात चिनी खाणावळी जवळपास नव्हत्याच. नोरा चार वर्षांची असताना आई गेली, फुप्फुसांतल्या रक्तदाबाच्या आजाराने. मग आजीने तिला वाढवलं, वडिलांच्या आईने. मुलाखतींमध्ये ती या काळाबद्दल सांगते तेव्हा एक गोष्ट पुन्हा पुन्हा येते. भेटायला येणाऱ्या मोठ्या माणसांच्या चेहऱ्यावर कीव दिसायची आणि तिला ती नको असायची. मग ती काहीतरी वेडंवाकडं करून त्यांना हसवायची.

चार वर्षांचं मूल. मी हे वाचलं तेव्हा थोडा वेळ पुढे वाचू शकले नाही. आपल्याकडे सुतकाच्या घरात असं एखादं पोर असतंच. सगळे जमलेले, कुणी बोलत नाही, आणि ते मध्येच उशी डोक्यावर घेऊन नाचतं. कुणीतरी दटावतं. पण दटावण्याआधी एक क्षण सगळ्यांचे चेहरे सैल झालेले असतात, आणि ते त्या पोराने पाहिलेलं असतं. आपल्याला हे जमतं, हे त्याला तिथे कळतं. पुढे त्याचा धंदा होतो की नुसती सवय राहते, हा नंतरचा भाग.

'ऑक्वाफिना' हे नाव तिने पंधरा-सोळाव्या वर्षी घेतलं. 'ऑकवर्ड' म्हणजे अवघडलेली आणि त्याला जोडून बाटलीबंद पाण्याचा एक ब्रँड. शाळकरी वयातच सुचावं असं नाव. त्या नावामागे तिने एक बाई उभी केली. नोरा घाबरते, विचार करकरून थकते, गप्प बसते. ऑक्वाफिना कशालाच घाबरत नाही, तोंडाला येईल ते बोलते. ही वाटणी तिने स्वतःच अनेकदा सांगितली आहे.

मधली एक गोष्ट मात्र लोक फारशी सांगत नाहीत आणि मला ती महत्त्वाची वाटते. मॅनहॅटनमधल्या लाग्वार्डिया हायस्कूलमध्ये, जिथे संगीत, नाट्य, चित्रकलेसाठी निवडून मुलं घेतात, ती ट्रम्पेट शिकली. पाश्चात्त्य शास्त्रीय आणि जॅझ दोन्ही. ट्रम्पेट म्हणजे निव्वळ श्वासाचं काम. ओठ घट्ट धरून पोटातून हवा सोडायची, आणि वाक्य कुठे संपतं हे आधीच ओळखून दम राखायचा. तिचं रॅप ऐकताना हे लक्षात येतं. ओळ कितीही लांब असली तरी शेवटच्या शब्दाला हवा शिल्लक असते. आपल्या शाहिरांकडे हे असतं. पोवाड्यातली ओळ उंच जाते, आता दम संपणार असं वाटतं, आणि तिथेच 'जी जी रं जी' म्हणणारे मागून उचलून धरतात. रॅपरच्या मागे बहुतेक वेळा कुणी नसतं. मागे फक्त बीट. तिने बीटही घरीच, कॉम्प्युटरवर गॅरेजबँड नावाच्या संगीताच्या प्रोग्रॅममध्ये, स्वतः बनवायला घेतले होते.

विनोदी रॅप म्हणजे काय, हे थोडं सांगायला हवं, कारण बऱ्याच जणांना ते रॅपची टिंगल वाटतं. रॅपमध्ये एक बार म्हणजे चार ठोके. कडवं बहुधा सोळा बारचं. यमक बहुतेकदा चौथ्या ठोक्याच्या आसपास पडतं, त्यामुळे ऐकणाऱ्याचा कान यमकाची वाट पाहत असतो आणि कोणता शब्द येणार याचा अंदाज मनात बांधत असतो. गंभीर रॅपर तो अंदाज ओलांडून पुढे जातो. विनोदी रॅपर त्याच जागी दुसराच शब्द ठेवतो. तोही अगदी सरळ चेहऱ्याने, आवाज जराही न बदलता, कारण आवाज बदलला की गंमत मेली. ज्यांनी चांगल्या वात्रटिका वाचल्यात त्यांना हे वेगळं समजावायला नको. वात्रटिकेत शेवटच्या ओळीला पाय घसरतो. इथे दर चार ठोक्यांनी घसरतो आणि दर वेळी तोल सावरून पुढच्या ठोक्यावर बरोबर उभं राहावं लागतं. ज्याला ताल पक्का नाही त्याला हे जमणारच नाही.

आणि विनोद हिप-हॉपमध्ये, म्हणजे रॅप ज्या संगीताचा भाग आहे त्यात, बाहेरून आलेला नाही. ११ ऑगस्ट १९७३ ला न्यूयॉर्कच्या ब्राँक्समधल्या सेजविक ॲव्हेन्यूवरच्या एका इमारतीत डीजे कूल हर्कने जी पार्टी केली, तिथून या संगीताचा जन्म मोजतात. ती पार्टीच होती, माणसं नाचायला आणि हसायला आली होती. १९७९ मध्ये 'रॅपर्स डिलाइट' हे गाणं घराघरांत पोचलं, त्यात मित्राकडे जेवायला गेल्यावर भयंकर अन्न कसं गिळावं यावर एक अख्खा तुकडा आहे. १९८९ ला बिझ मार्की या रॅपरने 'जस्ट अ फ्रेंड' केलं. त्याचं धृपद तो चक्क बेसूर गातो. जिवाच्या आकांताने, मनापासून, बेसूर. आणि ते गाणं पुढच्या वर्षी बिलबोर्ड या अमेरिकेतल्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत पहिल्या दहांत गेलं. पाचवीतल्या त्या मुलीला हे गाणं कुणी ऐकवायला हवं होतं. विल स्मिथचंही तसंच. आईबापांना आपलं काही कळत नाही अशी तक्रार करणाऱ्या एका गमतीदार गाण्यासाठी त्याला आणि डीजे जॅझी जेफला १९८९ मध्ये रॅपमधलं पहिलं ग्रॅमी मिळालं, आणि १९९० मध्ये तो टीव्हीवर मालिकेचा नायक झाला. म्हणजे हसवणाऱ्या रॅपरने नट होणं ही मळलेली वाट होती. फक्त त्या वाटेवर क्वीन्समधली आशियाई मुलगी कुणी पाहिली नव्हती.

तिचं ते पहिलं गाणं २०१२ मध्ये यूट्यूबवर आलं, 'माय व्हॅज'. एका पुरुष रॅपरने आपल्या पुरुषत्वाची फुशारकी मारणारं गाणं केलं होतं, त्याला दिलेलं हे उत्तर. तो ज्या ताठ्याने आपल्या अवयवाबद्दल बोलतो त्याच ताठ्याने ही आपल्याबद्दल बोलते. पहिल्यांदा ऐकताना मी कानकोंडी झाले. दुसऱ्यांदा ऐकताना मला शब्दांपेक्षा आवाज ऐकू आला. जराही लाडिक नाही, जराही माफी मागणारा नाही. कंटाळलेला कारकून यादी वाचून दाखवतो तशी ती एकेक अचाट बढाई वाचत जाते.

तेव्हा ती एका प्रकाशनसंस्थेत प्रसिद्धी विभागात नोकरीला होती. वरिष्ठांनी व्हिडिओत तिला ओळखलं आणि नोकरी गेली. हा किस्सा ती हसत सांगते, ऐकणारेही हसतात. मला मात्र तो प्रसंग झाला त्या दिवसाची संध्याकाळ दिसते. चोवीस वर्षांची मुलगी घरी आजीला आणि वडिलांना काय कारण सांगत असेल?

पुढचं भराभर सांगते. २०१४ मध्ये 'यलो रेंजर' अल्बम आला आणि एमटीव्हीच्या 'गर्ल कोड'मध्ये ती दिसू लागली. २०१६ मध्ये आशियाई-अमेरिकन रॅपरांवर 'बॅड रॅप' नावाचा माहितीपट आला, त्यातल्या चार मुख्य जणांत ती होती. मग २०१८ उजाडलं. जूनमध्ये 'ओशन्स एट'मधली खिसेकापू. ऑगस्टमध्ये 'क्रेझी रिच एशियन्स'मधली सोनेरी केसांच्या टोपातली, नायिकेची बिनधास्त मैत्रीण. आजच्या काळातली गोष्ट आणि बहुतेक सगळे आशियाई कलाकार, असा हॉलिवूडच्या मोठ्या स्टुडिओचा सिनेमा त्याआधी १९९३ मध्ये आला होता. पंचवीस वर्षांचं अंतर.

ऑक्टोबरमध्ये तिने 'सॅटर्डे नाइट लाइव्ह' या टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमाचं सूत्रसंचालन केलं. सुरुवातीच्या स्वगतात तिने सांगितलं की २००० मध्ये आशियाई-अमेरिकन नटी लूसी ल्यूने हा कार्यक्रम केला तेव्हा ती बारा वर्षांची होती, आणि तिकीट नसताना त्या इमारतीबाहेर जाऊन उभी राहिली होती. आत जाता येणार नाही हे माहीत होतं. तरी जवळ असावं म्हणून. लूसी ल्यूनंतर त्या मंचावर सूत्रसंचालक म्हणून उभी राहिलेली दुसरी आशियाई-अमेरिकन स्त्री हीच. मध्ये अठरा वर्षं. दारात उभं राहण्याचा तो तपशील माझ्या मनातून जात नाही. भिंतीपलीकडे आपल्यासारखं दिसणारं कुणीतरी आहे, एवढ्यावर त्या पोरीचं भागलं.

आता जरा अडचणीच्या गोष्टीकडे येते. मला ही बाई अतिशय आवडते आणि म्हणूनच ही गोष्ट टाळून पुढे जाणं मला बरोबर वाटत नाही.

ऑक्वाफिना ज्या लहेजात रॅप करायची, 'क्रेझी रिच एशियन्स' आणि 'ओशन्स एट'मध्ये ज्या लहेजात बोलली, तो काळ्या अमेरिकन माणसांचा लहेजा होता. तो वापरून ती हशा मिळवत होती. आणि दुसरीकडे तिने जाहीरपणे सांगितलं होतं की आशियाई माणसांचं हसं करणाऱ्या मोडक्या इंग्रजीतल्या भूमिका मी करत नाही, असे उच्चार मागितले तर ऑडिशन सोडून निघून येते. काळ्या प्रेक्षकांनी विचारलं, मग आमच्या बोलीचं काय? ती बोली बोलल्याबद्दल आमच्या मुलांना शाळेत रागावतात, नोकरीच्या मुलाखतीत नाकारतात, आणि तुम्ही तीच घालून पडद्यावर जाता आणि नको तेव्हा काढून ठेवता. प्रश्न रास्त होता. 'द फेअरवेल'मध्ये तो लहेजा नव्हता, आणि पारितोषिकं तिथेच मिळाली. त्यामुळे प्रश्न आणखी टोकदार झाला.

तिने उत्तर दिलं ते २०२२ च्या फेब्रुवारीत, ट्विटरवर. काळ्या समाजाची बोली आणि संस्कृती उचलून त्यावर इतरांनी कमावल्याचा इतिहास तिने मान्य केला. आपली अमेरिकन ओळख पाहिलेल्या सिनेमा-मालिकांतून, सरकारी शाळेतल्या सोबत्यांकडून आणि हिप-हॉपवरच्या प्रेमातून घडली, असंही लिहिलं. आणि मग ट्विटर सोडलं. अनेकांना ते उत्तर अपुरं वाटलं. मलाही वाटलं. ते चार वर्षं आधी यायला हवं होतं, आणि त्यात 'माझं चुकलं' हे दोन शब्द साधेपणाने असायला हवे होते.

पण तिच्यावर बोट ठेवताना मला माझं कॉलेज आठवतं. स्नेहसंमेलनात मी एकपात्री करायचे. माझं हुकमी पात्र म्हणजे गावाकडून शहरात आलेली म्हातारी. 'आरं बाबा', 'काय करू बया', हेल काढून बोललं की सभागृह डोक्यावर घ्यायचं. आपल्या नाटक-सिनेमांत हेच वर्षानुवर्षं चाललंय. नायक पुस्तकी मराठी बोलतो आणि हशा हवा असला की एखादा घरगडी मालवणी किंवा वऱ्हाडी बोलत आत येतो. मी तो आवाज आजीकडून घेतला होता. आजीची मूळची बोली तशीच होती, शहरात येऊन चाळीस वर्षांनी तिने ती घासून पुसून जवळजवळ घालवली होती, रागाच्या आणि मायेच्या वेळी तेवढी बाहेर यायची. एका वर्षी तिला मी कार्यक्रमाला घेऊन गेले. घरी येताना रिक्षात ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "चांगलं केलंस. लोक फार हसले." बस, एवढंच. त्यानंतर मी ते पात्र केलं नाही. पण तिची माफीही मागितली नाही, कारण मागायची तर नेमकं काय झालं ते बोलून दाखवावं लागलं असतं.

म्हणून मला एवढं कळतं, की दुसऱ्याचा आवाज प्रेमानेही घेतला जातो आणि प्रेमाने घेतला म्हणून समोरच्याला लागत नाही असं नाही. क्वीन्ससारख्या ठिकाणी, जिथे एका वर्गात पन्नास घरांतून आलेले उच्चार मिसळतात, तिथे वाढलेल्या मुलीच्या जिभेवर काय स्वतःचं आणि काय घेतलेलं, हे तिलाही सांगता येत नसेल. तरी पैसे मिळू लागले की हिशोब विचारला जाणार, आणि तो विचारायलाच हवा.

आता पुन्हा 'द फेअरवेल'कडे. दिग्दर्शिका लुलू वांगच्या स्वतःच्या घरातली ही गोष्ट. सिनेमाच्या सुरुवातीलाच ती सांगून टाकते की हे एका खऱ्याखुऱ्या थापेवर बेतलेलं आहे. चीनमधल्या चांगचुन शहरात राहणाऱ्या आजीला फुप्फुसाचा कॅन्सर झालाय, थोडे महिने उरलेत. घरच्यांनी ठरवलंय की तिला सांगायचं नाही. पण सगळ्यांना शेवटचं भेटायचं तर आहे. म्हणून एका नातवाचं घाईघाईने लग्न काढतात आणि त्या निमित्ताने अमेरिकेतून, जपानमधून सगळे जमतात. अमेरिकेत वाढलेल्या नातीला, बिलीला, हे पटत नाही. तिचा चेहरा सगळं सांगून टाकेल म्हणून आईवडील तिला येऊच नको म्हणतात. ती तरी येते.

आमच्या घरात हे झालंय. जसंच्या तसं. आजीच्या पोटात गाठ निघाली तेव्हा रिपोर्ट काकाच्या कपाटात गेला आणि आजीला सांगितलं, ॲसिडिटी आहे, तिखट बंद. सगळ्यांनी एकदा जमावं म्हणून काकाने सहस्रचंद्रदर्शनाचा घाट घातला. आजीला तेव्हा अठ्ठ्याहत्तरावं चालू होतं. हजार पौर्णिमा व्हायला माणूस ऐंशी ओलांडतं. पण गुरुजींनी अधिक महिने धरून काहीतरी हिशोब जुळवून दिला. सोन्याच्या फुलांनी ओवाळलं, फोटो काढले, आम्ही नातवंडं आळीपाळीने आत जाऊन तोंड धुऊन येत होतो. रात्री सगळं आवरल्यावर आजी पाटावर बसून होती. मला म्हणाली, "चंद्र मोजायला कुणी बसलं होतं गं?" मी काहीच बोलले नाही. तिने माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "असू दे. मोजणारा हुशार होता."

सिनेमातली आजीही एकेकाळी हेच करून बसलेली असते. नवऱ्याचं आजारपण तिने त्याच्यापासून असंच लपवलेलं असतं. हे कळतं तेव्हा बिली काही बोलत नाही. आणि इथे मला त्या रॅपरची खरी ताकद दिसली. संपूर्ण सिनेमाभर ती जवळजवळ काही करतच नाही. बोगस लग्नाच्या जेवणात सगळे गातात, पितात, भाषणं करतात, आणि कॅमेरा तिच्यावर थांबतो तेव्हा ती फक्त हसू आणि रडू यांच्या मधल्या एका अरुंद जागेवर उभी असते. दर चार ठोक्यांनी लोकांना हसवणारी बाई ठोक्यावर ठोके रिकामे जाऊ देते. ज्याला पंच नेमका कुठे टाकायचा हे कळतं त्यालाच तो कुठे टाकायचा नाही हे इतकं अचूक कळतं, असं मला तेव्हा वाटलं. चार वर्षांची असताना सुतकाच्या घरात तिने जे केलं होतं, त्याच्या बरोबर उलट काम इथे होतं. घर भरलेलं, सगळे दुःख दडवून बसलेले, आणि तिने कुणालाही हसवायचं नाही.

५ जानेवारी २०२० ला तिला या भूमिकेसाठी गोल्डन ग्लोब मिळालं. चित्रपटातल्या प्रमुख भूमिकेसाठी ते मिळवणारी आशियाई वंशाची ती पहिली अभिनेत्री. भाषणात तिने वडिलांना सांगितलं की बघा, म्हटलं होतं ना नोकरी मिळेल. आजीचा उल्लेख आपली जिवलग मैत्रीण असा केला. आणि आई कुठूनतरी पाहत असेल अशी आशा व्यक्त केली. ऑस्करचं नामांकन मात्र मिळालं नाही, आणि मला अजूनही ते खुपतं.

त्याच महिन्यात आणखी एक गोष्ट झाली, जी मला पुरस्काराइतकीच मोठी वाटते. 'ऑक्वाफिना इज नोरा फ्रॉम क्वीन्स' ही तिची स्वतःची मालिका कॉमेडी सेंट्रल या वाहिनीवर सुरू होणार होती. आजी, वडील आणि घरातच अडकलेली सत्ताविशीतली मुलगी, अशी ती मालिका. पुढे ती तीन सीझन चालली, २०२३ पर्यंत. तिच्या प्रसिद्धीसाठी न्यूयॉर्कच्या मेट्रोने सात नंबरच्या गाडीत काही दिवस स्टेशनांच्या घोषणा तिच्या आवाजात लावल्या. सात नंबरची गाडी मॅनहॅटनमधून निघते, क्वीन्स ओलांडते आणि फ्लशिंगला जाऊन थांबते. म्हणजे पणजोबांनी जिथे खाणावळ घातली, तिथपर्यंत पणतीचा आवाज गाडीभर घुमत जायचा. तोच खर्जातला आवाज. कामावरून परतणाऱ्या दमलेल्या माणसांना, उतरायचं ठिकाण आलंय असं सांगणारा.

त्यानंतरच्या मोठ्या सिनेमांनी तिचा पुरेसा उपयोग केला असं मला वाटत नाही. 'राया अँड द लास्ट ड्रॅगन'मधली पाणड्रॅगन गोड आहे, 'शांग-ची'मधली गाडी पार्क करणारी मैत्रीण मस्त आहे, पण दोन्हीकडे तिच्याकडे काम एकच, नायकाच्या बाजूला उभं राहून वातावरण हलकं करायचं. २०२३ च्या 'द लिटल मर्मेड'मध्ये ती समुद्रपक्षी झाली आणि तिला रॅप करायला मिळालं. पुष्कळांना ते गाणं खटकलं, मी ते चार वेळा ऐकलं. आणि त्याच वर्षी आलेला 'क्विझ लेडी' मला फार आवडला. त्यात दोन बहिणी आहेत, एक धांदरट आणि गडबडी, दुसरी गप्प, आक्रसलेली, प्रश्नमंजूषेचा कार्यक्रम पाहण्यात जगणारी. गडबडी बहीण सँड्रा ओ झालीय. गप्प बहीण ऑक्वाफिना. ऑक्वाफिनाच्या मागे उभी असलेली नोरा मला तिथे पुन्हा दिसली.

'द फेअरवेल'मध्ये एक व्यायाम आहे. सकाळी आजी अंगणात उभी राहून हात फेकते आणि पोटातून जोरात 'हा!' करते. आतलं वाईट सगळं बाहेर पडतं म्हणे. नातीलाही करायला लावते. नात कसंबसं, लाजत, तोंडातल्या तोंडात करते. शेवटी ती न्यूयॉर्कला परतते आणि एकटीच रस्त्यावरून चालताना थांबते. आजूबाजूला माणसं जात-येत असतात. ती हात फेकून ओरडते, 'हा!' सगळा दम लावून, खाली पोटापासून. त्यानंतर पडद्यावर लुलू वांगची खरी आजी दिसते, व्यायाम करताना. निदानानंतर सहा वर्षांनीही ती जिवंत असल्याचं तिथे लिहून येतं.

आमची आजी सहस्रचंद्रानंतर पाच महिने होती. माझ्या जुन्या फोनमध्ये कॉल आपोआप रेकॉर्ड व्हायचे, हे मला सिनेमा पाहिल्यानंतर आठवलं. तो फोन चार्जिंगला लावून रात्रभर वाट पाहिली. सकाळी चालू झाला. बहुतेक कॉल बँकांचे आणि कुरिअरचे. आजीचा एकच निघाला, एकोणतीस सेकंदांचा, मी कामासाठी नाशिकला गेले होते तेव्हाचा.

"पोचलीस का?" ती विचारते.

"पोचले."

"थंडी असंल तिकडं. स्वेटर घातलास का?"

तिच्या त्या 'असंल'वर मी रेकॉर्डिंग थांबवलं, मागे नेलं, पुन्हा ऐकलं. मग पुढे जाऊ दिलं. मागे गाड्यांचे हॉर्न वाजतायत, बसस्टँडवरचं कुणीतरी ओरडतंय, आणि त्या सगळ्याच्या खालून माझा आवाज येतो, जाड, शांत.

"हो गं, घातलाय."

स्वेटर बॅगेत होता.